बंदूक आणि तिचा कागद



वसंतातल्या ह्या व्याख्यानांतून संतवाङ्मय, इतिहास, आरोग्य असे विषय ऐकावयाची आपल्याला सवय आहे. आज मात्र आपल्यापुढे एक निवृत्त अव्वल कारकून उभा आहे, आणि त्याच्याजवळ सांगण्यासारखे जे आहे ते एका सरकारी कागदासंबंधीचे आहे. माझी नोकरीतील बरीच वर्षे एका जिल्हा कचेरीच्या गृहशाखेत गेली. ती कचेरी कोणती हे मी सांगत नाही, कारण जे सांगणार आहे त्यात चूक माझीही आहे, आणि माझ्या चुकीचा डाग मला इतरांवर पाडावयाचा नाही. त्या शाखेत शस्त्रपरवान्यांचे दप्तर माझ्या हाताखाली होते. हजारो कागद डोळ्यांखालून गेले. त्या कागदांनी मला जे शिकविले ते एका वाक्यात सांगावयाचे तर असे सांगता येईल: बंदूक वारशाने येते, परवाना येत नाही.

हे वाक्य मी मुलचेऱ्याला येऊन का म्हणतो, असे आपण विचाराल. पुण्यामुंबईच्या श्रोत्यांना बंदूक म्हणजे धनिकाच्या कमरेचे पिस्तूल वाटते. आपल्याकडे बंदूक म्हणजे धानाच्या बांधीवरची राखण. चहूबाजूंनी जंगल, मध्ये शेताचा तुकडा, आणि कापणी तोंडावर आली की रात्री रानडुकरांचा कळप. एका रात्रीत वर्षाची कमाई लोळवून टाकणाऱ्या ह्या प्राण्याची ओळख येथे कोणाला करून द्यावयाची गरज नाही. माडिया असो, गोंड असो, तेलुगू बोलणारा असो, की पूर्व बंगालातून निर्वासित होऊन ह्या भागात वसलेल्या कुटुंबातला बंगाली शेतकरी असो, माळ्यावर बसून डबा वाजविण्याचे काम सर्वांच्याच नशिबी सारखे आहे. म्हणून ठासणीची बंदूक, जिला आपण भरमार म्हणतो, ती ह्या भागातल्या कित्येक घरांत आजोबांच्या काळापासून आढ्याला टांगलेली असावयाची. तिचा कागद कोठे आहे, हे मात्र विचारल्यावर घरातली माणसे एकमेकांच्या तोंडाकडे पाहतात.

हा कागद आला कोठून, हे आधी पाहू. कारण त्याचा जन्म फारसा कुलीन नाही.

१८५७ च्या उठावानंतर परक्या सरकारच्या मनात ह्या देशातल्या प्रत्येक हत्यारासंबंधी भय बसले. त्या भयाचे कारण आपल्याच रानात होते. मोलमपल्लीचे बाबूराव शेडमाके ह्यांनी चांद्याच्या मुलखात बंड उभारले, आणि २१ ऑक्टोबर १८५८ रोजी चांद्याच्या तुरुंगात त्यांना फाशी देण्यात आले. त्यानंतर दोनच वर्षांनी, १८६० साली, हत्यारांवर निर्बंध घालणारा कायदा झाला. पुढे लॉर्ड लिटनच्या कारकिर्दीत १८७८ साली जो शस्त्र कायदा आला, त्याने देशी माणसाला परवान्याशिवाय बंदूक बाळगण्याची बंदी केली आणि गोऱ्या माणसाला त्यातून मोकळे ठेवले. देशी वृत्तपत्रांच्या तोंडाला कुलूप घालणारा कायदाही त्याच वर्षीचा. न्यायमूर्ती रानडे ह्यांनी पुण्यात वसंत व्याख्यानमाला सुरू केली ती १८७५ साली. म्हणजे आपल्या लोकांनी जाहीरपणे बोलावयास आरंभ केला, आणि तीन वर्षांच्या आत लेखणी व शस्त्र ही दोन्ही परवान्याखाली आली, असा हा योगायोग आहे. वृत्तपत्रांचा कायदा थोड्याच वर्षांत गेला. शस्त्रांचा कायदा मात्र स्वातंत्र्यानंतरही कित्येक वर्षे चालू राहिला.

काँग्रेसने प्रारंभीच्या अधिवेशनांपासून ह्या कायद्याविरुद्ध तक्रार केली. गोऱ्यांना असलेली सूट १९२० च्या सुमारास नियमांतून गेली. अहिंसेचे व्रत घेतलेल्या गांधीजींनी १९३० च्या जानेवारीत सरकारपुढे ज्या अकरा मागण्या ठेवल्या, त्यांत स्वसंरक्षणासाठी शस्त्रांचे परवाने मिळावेत, परंतु त्यांवर लोकांचे नियंत्रण असावे, अशी एक मागणी होती. पुष्कळांना ह्याचे आश्चर्य वाटते. मला वाटत नाही. परक्याने हात बांधले म्हणून स्वस्थ बसणे ही अहिंसा नव्हे, एवढाच त्यातला अर्थ.

मग स्वराज्य आले. राज्यघटना लिहिली जात असताना डिसेंबर १९४८ मध्ये हरि विष्णु कामत ह्यांनी शस्त्र बाळगण्याचा हक्क मूलभूत हक्कांत घालावा, अशी दुरुस्ती मांडली. कामत हे आपल्याच मध्यप्रांत-वऱ्हाडातून घटना समितीवर गेलेले सभासद, आणि चांदा जिल्हा तेव्हा त्याच प्रांतात होता. डॉ. आंबेडकरांनी ती दुरुस्ती मान्य केली नाही. असा हक्क सरसकट दिला तर तो सज्जनाबरोबर गुन्हेगारालाही पोहोचेल, आणि राज्याच्या हाती आवर घालण्याचे साधन राहणार नाही, असा त्यांच्या म्हणण्याचा रोख होता. दुरुस्ती फेटाळली गेली. घटनेच्या एकोणिसाव्या कलमात आपल्याला एकत्र जमण्याचा हक्क मिळाला, पण तो शांततेने आणि शस्त्राविना. आज आपण येथे जमलो आहोत ते त्याच हक्काने.

तात्पर्य काय, तर आपल्या देशात बंदूक हा हक्क नाही. तो एक विश्वास आहे. समाज एका माणसाला म्हणतो की, बाबा, तुझ्या गरजेपुरते हे हत्यार तुझ्याजवळ ठेव. तू ते शहाणपणाने वापरशील असे आम्ही समजतो. आणि मधूनमधून आम्ही तुला विचारू. ह्या ‘मधूनमधून विचारण्याला’च नूतनीकरण म्हणतात.

ह्याच्या उलट टोकाला अमेरिका आहे. तेथे १७९१ पासून शस्त्र बाळगण्याचा हक्क घटनेतच आहे. तरीही रस्त्याने पिस्तूल झाकून नेण्यासाठी न्यूयॉर्क राज्यात शंभरावर वर्षे सबळ कारण दाखवावे लागे. २०२२ च्या जूनमध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने ही अट घटनाविरोधी ठरविली. त्या देशातल्या निम्म्याहून अधिक राज्यांत तर आता पिस्तूल बाळगून हिंडावयास परवानाच लागत नाही. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने २०२३ च्या फेब्रुवारीत बेकायदा हत्यारांच्या एका प्रकरणात नेमके हेच बोट ठेवले, की आपल्या घटनेने असा हक्क कोणाला दिलेला नाही. दोन लोकशाही देश, दोन वाटा. कोणती बरी ह्याचा वाद मी घालीत नाही. आपली वाट कोणती एवढे आपल्याला ठाऊक असावे.

आता कामाच्या गोष्टीकडे वळतो. स्वतंत्र भारताचा शस्त्र कायदा १९५९ चा. तो १ ऑक्टोबर १९६२ पासून अमलात आला आणि त्या दिवशी लिटनचा कायदा संपला. सध्याचे नियम २०१६ चे आहेत. २०१९ साली कायद्यात मोठी दुरुस्ती झाली. एवढ्या तीन तारखा ध्यानात ठेवल्या तरी पुरे.

परवाना कोण मागू शकतो? ज्याला एकवीस वर्षे पुरी झाली आहेत असा नागरिक. कोणाकडे मागावयाचा? जिल्हादंडाधिकाऱ्याकडे, म्हणजे आपल्या लेखी गडचिरोलीच्या कलेक्टर कचेरीत. पोलीस आयुक्तालय असलेल्या शहरांत तो अधिकार पोलीस आयुक्तांचा. अर्ज आता संगणकावरून भरला जातो. त्याबरोबर ओळखीचा व राहण्याचा पुरावा, छायाचित्रे, प्रकृती व मन ठीक असल्याचा डॉक्टरी दाखला, शस्त्र सुरक्षितपणे हाताळण्याच्या शिक्षणाचा दाखला, आणि शस्त्र कोठे व कसे ठेवणार ह्याची लेखी हमी. शेतासाठी मागत असाल तर सातबारा हवाच. मग तो कागद आपल्या पोलीस ठाण्याकडे चौकशीला जातो. ठाण्याने तीस दिवसांत अहवाल द्यावा, आणि तो आल्यापासून साठ दिवसांत परवाना देणाऱ्या अधिकाऱ्याने निकाल द्यावा, असे नियम सांगतात.

नियम सांगतात तसे नेहमी घडते, असे मी म्हणालो तर माझेच जुने सहकारी हसतील. गडचिरोलीसारख्या जिल्ह्यात, जेथे १९८० नंतर नक्षलवादाच्या पायी घरोघरी रडारड झाली, तेथे पोलिसाला ‘ह्या घरात बंदूक असू द्यावी’ असे लिहून देताना दहा वेळा विचार करावा लागतो. बंदूक घरात आहे एवढ्याच गोष्टीने त्या घराकडे दोन्ही बाजूंचे लक्ष जाते, हे आपण माझ्याहून जास्त जाणता. म्हणून उशीर झाला की लगेच कोणाच्या नावाने खडे फोडू नका. पण कायदा आपल्याला काय देतो, हेही विसरू नका.

कायद्याच्या तेराव्या कलमातली एक गोष्ट फार थोड्यांना माहीत असते. स्वतःच्या रक्षणासाठी किंवा शिकारी खेळासाठी निदान वीस इंच नळीची, गुळगुळीत नळीची बंदूक, किंवा खऱ्याखुऱ्या पीकरक्षणासाठी ठासणीची बंदूक कोणी मागितली, आणि त्या माणसात काही दोष नसला, तर अधिकाऱ्याने परवाना द्यावयाचा आहे. ठासणीची बंदूक पिकाला पुरी पडणार नाही असे दिसले, तर गुळगुळीत नळीची दुसरी बंदूकही देता येते. पिस्तूल अथवा रिव्हॉल्व्हर मागणाऱ्याला मात्र सबळ कारण दाखवून अधिकाऱ्याची खात्री पटवावी लागते. म्हणजे कमरेच्या पिस्तुलापेक्षा कायद्याचा कल बांधावरच्या बंदुकीकडे आहे. चौदावे कलम सांगते की, केवळ मालमत्ता थोडी आहे म्हणून कोणाला परवाना नाकारता येणार नाही. नाकारला तर कारणे लिहून ठेवावयाची, आणि काही विशेष सार्वजनिक हिताची बाब नसेल तर ती मागणाऱ्याला द्यावयाची. त्यावर तीस दिवसांत वरिष्ठांकडे अपील आहे. कागद परत आला की पुष्कळ जण तो घडी करून खिशात घालतात आणि गावाकडची एस्. टी. धरतात. तसे करू नका. कारण विचारा, लेखी विचारा.

आमच्या भागात आणखी एक अट आहे. अभयारण्याच्या हद्दीपासून दहा किलोमीटरच्या आत राहणाऱ्याला नवा परवाना द्यावयाचा तर मुख्य वन्यजीव रक्षकाची संमती आधी लागते, आणि जुने परवाने त्यांच्याकडे नोंदवावे लागतात. हे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचे चौतिसावे कलम. चपराळा अभयारण्य आपल्या शेजारी आहे, ते १९८६ मध्ये जाहीर झाले. त्याच्या आसपासच्या गावांनी ही अट ध्यानात घेऊनच अर्ज करावा, म्हणजे मागाहून ‘आम्हांला कोणी सांगितले नाही’ असे म्हणावयाची पाळी येणार नाही.

परवाना हातात पडला की काम संपले असे समजू नये. शस्त्र विकत घेतल्यावर त्याची नोंद परवान्यावर करून घ्यावयाची. घरी ते कुलपात ठेवावयाचे, दारूगोळा वेगळा ठेवावयाचा, मुलांच्या हाताला लागू द्यावयाचे नाही. बाहेर नेताना काय करावे, ह्याविषयी २०१६ चे नियम स्पष्ट आहेत. पिस्तूल असेल तर ते अंगाला बांधलेल्या म्यानात किंवा पिशवीत, आणि मोठी बंदूक तिच्या गवसणीत. दोन्हीही पुरती झाकलेली आणि आपल्या ताब्यात. अमेरिकेत शस्त्र झाकून नेण्याचा जो परवाना असतो तो शस्त्र कोणाजवळ आहे हे इतरांना कळू नये म्हणून; आपल्याकडे झाकावयाचे ते बाजारात उभ्या असलेल्या म्हाताऱ्या बाईच्या छातीत धडकी भरू नये म्हणून. मला हा फरक फार महत्त्वाचा वाटतो. आपल्या कायद्याने बंदुकीला मिरविण्याची मुभा दिलेली नाही. लग्नाच्या वरातीत बार काढणाऱ्याला २०१९ पासून दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. आणि निवडणुकीच्या वेळी शस्त्र जमा करावयास सांगितले तर जमा करावे, पावती घ्यावी, आणि निवडणूक संपल्यावर आठवणीने परत आणावे. ती पावती हरविणारे मी पुष्कळ पाहिले आहेत.

आता नूतनीकरण. ह्या शब्दापाशीच मी आपल्याला घेऊन येत होतो.

पूर्वी परवाना तीन वर्षांचा असे, २०१९ च्या दुरुस्तीपासून तो पाच वर्षांचा झाला. मुदत संपण्यापूर्वी निदान साठ दिवस नूतनीकरणाचा अर्ज गेला पाहिजे. आता प्रत्येक परवान्याला देशभरच्या नोंदवहीतला एक स्वतंत्र क्रमांक असावा लागतो. जुन्या परवान्यावर तो नसेल तर आधी त्याची चौकशी करावी. पाच वर्षे हा काळ मोठा सोयीचा वाटतो, आणि तोच घातक आहे. दर वर्षी भरावयाचा शेतसारा कोणी विसरत नाही. पाच वर्षांतून एकदा करावयाचे काम हटकून विसरले जाते.

सुमारे पंचवीस वर्षांपूर्वीची गोष्ट. माझ्या टेबलापाशी तिशीच्या आतला एक शेतकरी येऊन उभा राहिला. पायांत वहाणा नव्हत्या, हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेला कागद होता. तो कागद त्याच्या वडिलांच्या पीकरक्षणाच्या परवान्याचा. मी मुदत पाहिली. संपून तीन वर्षे झाली होती. ‘वडिलांना घेऊन या,’ मी म्हणालो. ‘बाबा वारले जी,’ तो म्हणाला, ‘दोन वर्षं झाली. बंदूक हाये. कागद माझ्या नावावर करून द्या, म्हणून आलो.’ सातबाऱ्यावर नाव चढते तसे ह्याही कागदावर चढत असेल, अशी त्याची भाबडी समजूत होती. मी त्याला कागदांची यादी सांगितली. मृत्यूचा दाखला, वारसांचे कागद, भावाबहिणींची ना-हरकत, नवा अर्ज, छायाचित्रे. सर्व काही नियमाप्रमाणे सांगितले. तो ‘बरं जी’ म्हणून गेला.

एक गोष्ट मात्र मी सांगितली नाही. ‘बाबा, तुझ्या घरात जी बंदूक आहे ती आज ह्या घटकेला बेकायदा आहे. गावी गेलास की आधी ती ठाण्यात जमा कर, पावती घे, आणि मग कागदांच्या मागे लाग.’ हे वाक्य सांगावयास अर्धे मिनिट लागले असते. माझ्यापुढे रांग होती, जेवणाची सुट्टी जवळ आली होती, आणि ते सांगणे माझ्या कामाच्या यादीत नव्हते.

काही महिन्यांनी त्याच नावाचा कागद पुन्हा माझ्या टेबलावर आला, पण ह्या वेळी ठाण्याकडून. त्याच्या घरी बिनपरवाना बंदूक सापडली होती, आणि परवान्यासंबंधी आमच्या दप्तरात काय नोंद आहे, अशी विचारणा होती. काय नोंद होती? मुदत संपल्याची. तो माझ्यापर्यंत येऊन गेला होता, स्वतःहून आला होता, हे दप्तरात कोठेच नव्हते, कारण तोंडी बोलणे दप्तरात येत नाही. मी उत्तर लिहिले. ते अक्षर न् अक्षर खरे होते. त्या खटल्याचे पुढे काय झाले ते मला कळले नाही, कारण मधल्या काळात माझी बदली झाली. पण त्या दिवसापासून निवृत्तीपर्यंत माझ्यापुढे जो कोणी असा कागद घेऊन आला, त्याला मी आधी ते अर्ध्या मिनिटाचे वाक्य सांगितले. आज तेच वाक्य मोठ्याने सांगण्यासाठी मी येथे आलो आहे.

त्या माणसाने गुन्हा केला होता का? कायद्याच्या भाषेत केला होता. परवाना हा माणसाला असतो, बंदुकीला नव्हे. माणूस गेला की परवाना गेला, आणि मागे उरते ते नुसते लोखंड. कायद्याचे एकविसावे कलम म्हणते की, शस्त्र बाळगण्याचा अधिकार संपला, मग तो मुदत संपल्याने असो, परवाना रद्द झाल्याने असो, की मालकाच्या मृत्यूने असो, ते विनाविलंब पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करावयाचे. जमा केले म्हणून ते लगेच सरकारचे होत नाही. वारसाला मुदतीत परवाना मिळवून ते परत घेता येते, किंवा ज्याला परवाना आहे अशा दुसऱ्याला विकता येते. जमा न केले तर? त्या वेळी अशा गुन्ह्याला निदान एक वर्षाची आणि जास्तीत जास्त तीन वर्षांची शिक्षा होती. २०१९ पासून ती निदान दोन वर्षे आणि जास्तीत जास्त पाच वर्षे अशी झाली आहे, दंड वेगळा. म्हणजे त्या शेतकऱ्याचा मुलगा आज तीच चूक करील तर त्याला बापापेक्षा अधिक भोगावे लागेल.

आणि ह्यातून सुटण्याची सरळ वाट नियमांतच आहे. परवानाधारकाचे वय सत्तर झाले, किंवा ते शस्त्र त्याच्याजवळ पंचवीस वर्षे राहिले, ह्यांपैकी जे आधी घडेल तेव्हा, त्याला आपल्या हयातीतच एका वारसाचे नाव सुचविता येते. तो वारस सर्व अटी पुऱ्या करीत असेल तर त्या शस्त्रासाठी त्याला परवाना देता येतो. मृत्यूनंतरही वारसाला अर्ज करता येतो. वारस अनेक असतील तर इतरांची संमती लागते. वडिलांच्या हयातीत जे काम एका सहीने होते, त्यालाच त्यांच्या मागे चार भावंडांच्या सह्या गोळा कराव्या लागतात. त्यांतला एक भाऊ बल्लारपुरास असतो, एक बहीण तेलंगणात दिलेली असते. म्हणून वृद्धांना माझी विनंती आहे की, जमिनीच्या वाटण्या करता तेव्हा बंदुकीचाही विचार करा.

माझ्या भगिनींनाही दोन शब्द सांगितले पाहिजेत. बंदूक पुरुषाच्या नावावर असते, पण तो गेला की ती ज्या घरात राहते ते घर बाईचे असते. दहाव्याच्या गडबडीत आढ्याकडे कोणाचे लक्ष जात नाही. महिने जातात. मग एखादे दिवशी झडती होते आणि घरात कोण, तर ती विधवा. तिला परवाना म्हणजे काय हेही ठाऊक नसते. आपल्या घरी असा कागद असेल तर तो कोठे आहे आणि त्यावर कोणती तारीख आहे, हे आजच्या आज पाहून ठेवा. परवाना मागण्याचा अधिकार बाईलाही तितकाच आहे, हेही सांगून ठेवतो.

आता कोणी म्हणेल, एवढ्या कटकटीत पडावे कशाला? बिनकागदाची भरमार लपवून ठेवावी, किंवा बांधाच्या तारेत वीज सोडून मोकळे व्हावे. दोन्ही वाटा मी दप्तरातून पाहिल्या आहेत. तारेत वीज सोडणारा स्वतः घरी झोपलेला असतो आणि पहाटे तारेला डुकराऐवजी शेजारी चिकटलेला सापडतो. कधी वाघ सापडतो, आणि मग सारे गाव चौकशीला उभे राहते. बिनकागदाच्या भरमारीची गत वेगळी नाही. मागल्या काही वर्षांत ह्या जिल्ह्यातल्या कित्येक गावांनी आपल्या भरमारी आपण होऊन पोलिसांच्या स्वाधीन केल्या. त्यामागे भीती होती असे काहींना वाटते. मला त्यात शहाणपण दिसते. १५ ऑक्टोबर २०२५ रोजी गडचिरोलीत साठजणांच्या तुकडीसह नक्षलवाद्यांच्या एका मोठ्या पुढाऱ्याने शस्त्रे खाली ठेवली, हे आपण जाणता. ह्या रानातून बंदुकीचा धाक ओसरत असताना घरातली बंदूक कागदावर आणणे हे साध्या गृहस्थाचेही काम आहे.

बंदुकीकडून काय होत नाही, हेही बोलले पाहिजे. परवाना म्हणजे शिकारीची परवानगी नव्हे. वाघ, अस्वल ह्यांना तो लागू नाही; जिवावर बेतले असता प्रामाणिकपणे केलेला बचाव तेवढा कायदा गुन्हा मानीत नाही. २०२१ पासून आपल्या जिल्ह्यात रानटी हत्ती येऊ लागले आहेत. त्यांच्यापुढे भरमार म्हणजे पोरांचे खेळणे, आणि गोळी घालणे हा मोठा गुन्हा. रानडुक्कर व नीलगाय ह्यांच्या उपद्रवासाठी शासनाने २०१५ साली वेगळी पद्धत घातली आहे. तीत वनखात्याची परवानगी लागतेच. पिकाचे नुकसान झाले तर भरपाईचा अर्ज आहे. तेव्हा ज्याला खरोखर गरज आहे त्यानेच बंदूक मागावी. शेजाऱ्याकडे आहे म्हणून, किंवा भिंतीवर शोभते म्हणून मागू नये. आणि ज्याची गरज संपली, मुलगा चंद्रपूरला नोकरीला लागला, शेत बटाईने दिले, त्याने ती मानाने परत करावी. परत करण्यात कमीपणा नाही. विश्वास घेणे जसे सभ्यपणाचे, तसे तो फेडून मोकळे होणेही सभ्यपणाचेच.

परक्याने आपल्या हातातली बंदूक भयापोटी काढून घेतली होती. स्वराज्याने ती विश्वासापोटी परत दिली, पण दर पाच वर्षांनी एक प्रश्न विचारून: अजून तुला हिची गरज आहे का, आणि अजून आम्ही तुझ्यावर विसंबावे का? पुष्कळांना हा प्रश्न म्हणजे हेलपाटा वाटतो. हेलपाटा आहेच, मुलचेऱ्याहून जिल्ह्याच्या गावी जाण्यात एक दिवसाची मजुरी बुडते, हे मला ठाऊक आहे. कचेऱ्यांनीही हा हेलपाटा कमी करावा, रांगेत उभ्या असलेल्या माणसाला ते अर्ध्या मिनिटाचे वाक्य सांगावे. परंतु त्या प्रश्नाचे उत्तर देणाऱ्या माणसाच्या घरी जी बंदूक असते, ती त्याच्या बायकोला, शेजाऱ्याला आणि ठाण्यातल्या शिपायालाही भय घालीत नाही.

आपण घरी जाल तेव्हा एवढेच करा. पेटी उघडा. सातबाऱ्याच्या, शिधापत्रिकेच्या आणि मुलांच्या दाखल्यांच्या खाली तो कागद असेल. त्यावरची तारीख वाचा. ती पुढे असेल तर कॅलेंडरावर तिच्या दोन महिने आधी खूण करा. ती मागे गेली असेल, किंवा त्यावरचे नाव आता ह्या जगात नसलेल्या माणसाचे असेल, तर उद्या सकाळी आधी गावच्या एखाद्या जाणत्या माणसाला किंवा वकिलाला बरोबर घ्या, ठाण्यात जा, शस्त्र जमा करा आणि पावती घ्या. बाकीचे कागद मागाहून होतील.

माझ्या टेबलापासून निघून गेलेल्या त्या तरुण शेतकऱ्याला हे सांगावयाचे राहिले.